शास्त्रीय नावे, जीवांची

कोणत्याही देशात व कोणत्याही भाषेच्या ग्रंथात एका जीवजातीचा निर्देश एकाच रूपात व्हावा, या हेतूने दिलेल्या आणि आंतरराष्ट्रीय नियमांनी बांधलेल्या लॅटिन धर्तीच्या नावास शास्त्रीय नाव म्हणतात. प्राणी व वनस्पती यांच्या जातींची अशी नावे दोन पदांची असतात. आंब्याचे शास्त्रीय नाव मँजिफेरा इंडिका आहे. त्यातील पहिले पद प्रजातीचे, म्हणजे निकटच्या नात्यातील जातींच्या गटाचे, असून दुसरे पद त्या प्रजातीतील एका विशिष्ट जातीचे निदर्शक असते. काटेकोर लेखनात या दोन पदांपुढे ते नाव प्रथम प्रसिद्ध करणाऱ्याचे नाव वा त्याचे संक्षिप्त रूपही देतात. आंब्याच्या नावापुढे येणारे एकच अक्षर स्वीडिश निसर्गवैज्ञानिक कार्ल लिनीअस (१७०७–७८) यांचे आहे. द्विपद नामपद्धतीचे जनक म्हणून त्यांचा उल्लेख सर्वत्र केला जातो व तो योग्यच आहे. तथापि लिनीअस यांनी ही पद्धत ज्या कारणासाठी वापरात आणली ते कारण आणि आज ती ज्या कारणामुळे अपरिहार्य झाली आहे ते कारण, ही दोन्ही एक नाहीत. पद्धतीचा पुढील इतिहास बव्हंशी या फरकातून घडला आहे.

बोलीभाषांतील नावे निष्काळजीपणे दिलेली असतात, असे मानण्याचे कारण नाही. खाडीकाठचे कोळी किंवा जंगलालगतचे आदिवासी आपल्या परिसरातील जीवांमध्ये जितका बारीक भेद करतात, तितका पुष्कळदा शिकलेल्या माणसास करता येत नाही. अडचण सुरू होते ती ते नाव आपला मुलूख ओलांडून जाते तेव्हा. खानदेश व विदर्भ या भागांत अंजन म्हणजे कोरड्या पानझडी जंगलात वाढणारा, अतिशय कठीण लाकडाचा उंच वृक्ष (हार्डविकिया बायनाटा) होय. महाबळेश्वरच्या परिसरात मात्र अंजन किंवा अंजनी या नावाने ओळखले जाते ते निळ्या-जांभळ्या फुलांच्या झुबक्यांनी फांद्या झाकून टाकणारे लहान सदाहरित झाड (मेमेसायलॉन अंबेलेटम). या दोहोंची कुलेसुद्धा भिन्न आहेत. औषधी वनस्पतींच्या बाबतीत हा घोटाळा अधिक गंभीर ठरतो. ब्राह्मी या एकाच नावाने कोठे बॅकोपा मोनिएरी, तर कोठे सेंटेला एशियाटिका ही वनस्पती वापरतात. शंखपुष्पी म्हणून केरळात गोकर्ण (क्लायटोरिया टर्नेशिया), तर उत्तरेकडे हरणखुरीच्या प्रजातीतील एक जाती (कॉन्व्हॉल्व्ह्युलस प्रोस्ट्रेटस) घेतली जाते; काही ठिकाणी विष्णुक्रांताही (इव्हॉल्व्ह्युलस अल्सिनॉयडिस) त्याच नावाने विकली जाते. संस्कृत निघंटूंमध्ये वनस्पतींचे पर्याय मोठ्या संख्येने दिलेले असतात व त्यांतील बरेचसे वर्णनात्मक असतात. गुळवेलीस छिन्नरुहा म्हटले आहे, कारण तोडली तरी ती पुन्हा फुटते. परंतु तिचेच अमृता हे नाव हिरड्यासही दिलेले आढळते. गुण सांगणारे नाव तो गुण असलेल्या दुसऱ्या कोणासही लागू पडू शकते, ही त्यातील मूळ उणीव होय.

नावाच्या अशा संदिग्धतेची किंमत किती मोठी असू शकते, याचे एक उदाहरण यूरोपातील आहे. १९९० नंतरच्या पहिल्या दोन-तीन वर्षांत बेल्जियममध्ये वजन कमी करण्यासाठी काही स्त्रियांना चिनी वनस्पतींची चूर्णे असलेली औषधे देण्यात आली. त्यांत स्टेफॅनिया टेट्रँड्रा या वनस्पतीचे मूळ असावे, अशी योजना होती. चिनी औषधशास्त्रात ‘फांग-जी’ हे नाव मात्र एकाहून अधिक वनस्पतींच्या मुळांना लावले जाते व त्यांपैकी एक ॲरिस्टोलोकिया फँगची ही मूत्रपिंडास अत्यंत घातक आहे. प्रत्यक्षात तीच औषधात आली. १९९३ मध्ये याचा पहिला वैद्यकीय वृत्तांत प्रसिद्ध झाला. पुढे बाधितांची संख्या शंभरावर गेली; अनेकींची मूत्रपिंडे कायमची निकामी झाली, तर काहींना नंतर मूत्रमार्गाचा कर्करोग झाला. व्यापारातील कागदोपत्री नाव बरोबर होते. ते कोणत्या वनस्पतीचे, एवढेच निश्चित नव्हते.

इतिहास : वनस्पतींचे पद्धतशीर वर्णन करणारा ग्रीक विद्वान थीओफ्रॅस्टस (इ. स. पू. सु. ३७१–२८७) याच्या ग्रंथांत ग्रीक लोकभाषेतील नावेच आढळतात. वर्णिलेल्या वनस्पती काही शेकड्यांत मोजण्याइतक्या असल्यामुळे वेगळ्या नामपद्धतीची निकड त्यास भासली नसावी. सोळाव्या शतकात समुद्रमार्गाने दूरदूरच्या देशांतील वनस्पती यूरोपीय विद्वानांच्या दृष्टीस पडू लागल्या व परिस्थिती पालटली. पोर्तुगीज वैद्य गार्सिया द ऑर्ता (सु. १५०१–६८) यांनी गोव्यात राहून भारतीय औषधांविषयी लिहिलेला संवादरूप ग्रंथ १५६३ मध्ये गोव्यातच छापला गेला. अहमदनगरच्या निजामशाही दरबाराशी त्यांचा वैद्य म्हणून संबंध होता. प्रत्येक द्रव्याला अरब काय म्हणतात, गुजरातेत काय म्हणतात, मलबारात काय म्हणतात, याची ते चिकाटीने चौकशी करतात. एका द्रव्याबद्दल दोन देशांतील दोन माणसे बोलत असताना ती एकाच वस्तूविषयी बोलत आहेत किंवा नाहीत, हा त्यांच्यापुढील प्रश्न होता. (कोकमाच्या गार्सिनिया या प्रजातीचे नाव ऑर्ता यांच्यावरून पडले असावे, असे वाटण्याचा संभव आहे, परंतु लिनीअस यांनी ते अठराव्या शतकातील लॉरेंट गार्सिन या निसर्गवैज्ञानिकांच्या स्मरणार्थ दिले.)

शतकभरानंतर मलबारातील डच अधिकारी हेंड्रिक व्हान रेडे (१६३६–९१) यांनी कोचीन येथे सिद्ध करविलेला हॉर्टस मलबारिकस हा बारा खंडांचा ग्रंथ ॲम्स्टरडॅम येथे १६७८ ते १६९३ या काळात प्रसिद्ध झाला. त्यात सातशेहून अधिक वनस्पतींची वर्णने व मोठ्या आकाराची चित्रे आहेत. इट्टी अच्युतन हे मलयाळी वैद्य, तसेच रंगभट, विनायक पंडित व अप्पूभट हे कोचीनमधील तीन कोंकणी वैद्य यांच्या साह्याने हे काम झाले. वनस्पतींची नावे मलयाळम्, अरबी, नागरी व रोमन अशा निरनिराळ्या लिप्यांत चित्रांवर कोरलेली आहेत. नामप्रश्नाचे हे एक प्रामाणिक उत्तर होते : कोणतेही एक नाव श्रेष्ठ न मानता सर्वच नावे शेजारी-शेजारी मांडावयाची. एका प्रदेशापुरते ते चालून गेले. साऱ्या जगाच्या वनस्पतींसाठी ते चालणे शक्य नव्हते.

यूरोपातील विद्वानांनी दुसरा मार्ग धरला होता. स्विस वैज्ञानिक गास्पार बोअँ (१५६०–१६२४) यांनी १६२३ मध्ये सु. ६,००० वनस्पतींची, तोपर्यंत वेगवेगळ्या ग्रंथकारांनी वापरलेल्या समानार्थी नावांसह, एक महासूची प्रसिद्ध केली. त्यांनी दिलेली कित्येक नावे दोन शब्दांची आहेत. परंतु ती तशी असावीत असा नियम नव्हता. नाव वाचताच वनस्पती तिच्या भाईबंदांपासून ओळखता आली पाहिजे, ही त्या काळच्या विद्वानांची अपेक्षा असल्यामुळे नाव म्हणजे एक छोटेखानी लॅटिन वाक्यांशच असे. टोमॅटोचे नाव घ्यावयाचे, तर ‘काटे नसलेल्या मऊ खोडाचे, पिसासारखी विभागलेली व कातरलेली पाने असलेले वांगेवर्गीय झाड’ अशा अर्थाचा शब्दसमूह उच्चारावा लागे. प्रजातींची सुस्पष्ट लक्षणे देऊन त्या स्थिर करण्याचे मोठे काम फ्रेंच वैज्ञानिक झोझेफ तूर्नफॉर (१६५६–१७०८) यांनी केले, तर जाती म्हणजे काय याची कसोटी इंग्रज वैज्ञानिक जॉन रे (१६२७–१७०५) यांनी मांडली. नावे मात्र लांबतच गेली. याचे कारण तर्कशुद्ध होते. ज्ञात जाती दोन असताना ‘रुंद पानांची’ एवढ्याने भेद दाखविता येतो. रुंद पानांचीच तिसरी जाती सापडली की, पहिलीच्या नावात ‘व लवयुक्त खोडाची’ अशी भर घालावी लागते. एका नव्या शोधासरशी जुन्या जातींची नावे बदलत. म्हणजे ज्ञान जितके वाढावे तितकी नावे अस्थिर व्हावीत, अशी ही रचना होती.

लिनीअस हे स्वतः या वर्णनात्मक नावांचे कट्टर पुरस्कर्ते होते, ही गोष्ट बऱ्याचदा विसरली जाते. असे नाव बारा शब्दांहून अधिक लांब नसावे, असा दंडक त्यांनी घातला व हे शब्द कसे निवडावेत याचे नियम तपशीलवार सांगितले. दोन पदांची नावे त्यांच्या लेखनात आली ती सोय म्हणून. प्रवासवृत्ताच्या सूचीत त्यांनी १७४५ मध्ये अशी आटोपशीर नावे वापरली. स्वीडनमधील कोणत्या वनस्पती गाई, शेळ्या, मेंढ्या, घोडे व डुकरे खातात आणि कोणत्या टाळतात, याची पाहणी त्यांनी विद्यार्थ्यांकडून करविली. तिच्यावर आधारलेला पॅन स्वेसिकस हा प्रबंध १७४९ साली निघाला. शेकडो वनस्पती, पाच प्रकारची जनावरे आणि प्रत्येकाची नोंद, अशा कामात बारा शब्दी नाव पुनःपुन्हा लिहिणे अशक्यप्राय होते. तेथे प्रजातीच्या नावापुढे एकच सुटसुटीत विशेषण जोडून भागविण्यात आले. जगातील सर्व जीवांना लागू झालेल्या पद्धतीची ही पूर्वतयारी गुरांच्या चाऱ्याचा हिशेब ठेवताना झाली, हे लक्षात घेण्याजोगे आहे.

स्पीशीज प्लँटॅरम हा लिनीअस यांचा दोन खंडांचा ग्रंथ १७५३ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात सु. ५,९०० वनस्पतिजातींचे वर्णन असून प्रत्येक जातीचे वर्णनात्मक नाव मुख्य मजकुरात व एकपदी विशेषण पानाच्या समासात छापले आहे. लिनीअस यांच्या दृष्टीने खरे नाव मजकुरातील होते. समासातील नावास ते केवळ व्यवहारातील नाव म्हणत. सिस्टेमा नॅचुरी या त्यांच्या ग्रंथाच्या दहाव्या आवृत्तीत (१७५८) त्यांनी प्राण्यांसाठीही हीच रीत सर्वत्र अवलंबिली. वाचकांनी मात्र समासातील नावच उचलले. टोमॅटोचा लांबलचक शब्दसमूह मागे पडून सोलॅनम लायकोपर्सिकम हे दोन शब्द राहिले.

यामुळे केवळ श्रम वाचले असे नाही. ओळख पटविण्याची जबाबदारी वर्णनाकडे गेली व नाव तीतून मुक्त झाले. नव्या जाती सापडल्या, तर वर्णन सुधारावे. नाव बदलण्याचे कारण उरले नाही. माणसाचे नाव ‘श्याम’ असल्यास तो गोरा निघाला म्हणून ते रद्द होत नाही, तसेच हे आहे. चिंचेचे टॅमरिंडस इंडिका हे नाव ‘हिंदी खजूर’ अशा अर्थाच्या अरबी शब्दावरून आले असून त्याचे दुसरे पदही भारताकडेच बोट दाखविते. पण चिंचेचे मूलस्थान आफ्रिकेत आहे. थोरल्या स्वर्गीय पक्ष्याला लिनीअस यांनी पॅरॅडिसिया अपोडा म्हणजे ‘पाय नसलेला’ असे नाव दिले, कारण न्यू गिनीकडून यूरोपात येणारी त्याची कातडी पाय काढून टाकलेली असत. त्यास इतर पक्ष्यांप्रमाणेच दोन पाय आहेत. नाव आजही तेच आहे.

नावे कोणत्या भाषेतून घ्यावीत, याविषयी लिनीअस यांचे मत संकुचित होते. प्रजातीची नावे ग्रीक वा लॅटिन मूळाची असावीत, इतर भाषांतील नावे ‘रानटी’ म्हणून टाकावीत, असे त्यांनी लिहून ठेवले आहे. हॉर्टस मलबारिकसमधील वर्णने व चित्रे त्यांनी मोठ्या प्रमाणावर आधारास घेतली. त्यातील मलयाळी नावे बहुतांशी वगळली. अडुळशाचे जस्टिसिया अधाटोडा यासारख्या काही नावांत दाक्षिणात्य शब्द दुसऱ्या पदाच्या रूपाने टिकून राहिला. फ्रेंच वैज्ञानिक मीशेल आदांसाँ (१७२७–१८०६) यांनी या धोरणाला उघड विरोध केला. त्यांच्या १७६३ मधील ग्रंथात देशोदेशींची स्थानिक नावे प्रजातींसाठी स्वीकारलेली आढळतात. कमळाचे नेलम्बो हे सिंहली शब्दावरून, शेवग्याचे मोरिंगा हे तमिळ शब्दावरून व करंजाचे पोंगॅमिया हे दक्षिण भारतीय शब्दावरून आलेले नाव त्यांनीच रूढ केले. नागाच्या नाजा नाजा या नावामागेही ‘नाग’ हाच शब्द आहे. लॅटिन ही तोपर्यंत कोणत्याच राष्ट्राची बोलभाषा उरली नव्हती, म्हणून ती सर्वांना सारखी, असे तिचे समर्थन केले जाते. ते यूरोपापुरते खरे होते; इतरांच्या दृष्टीने तो यूरोपचाच वारसा होता. मात्र आज शास्त्रीय नावात लॅटिनचे व्याकरण तेवढे पाळावे लागते. मूळ शब्द कोणत्याही भाषेतील चालतो.

अग्रक्रम : लिनीअस यांच्यानंतर नावे देण्याचा अधिकार कोणा एकाकडे राहिला नाही. लंडन, पॅरिस, बर्लिन, कलकत्ता अशा अनेक ठिकाणी नव्या जातींची वर्णने निघू लागली व एकाच वनस्पतीस तीन-चार जणांनी एकमेकांस नकळत नावे दिली. कोणी जुने नाव अनर्थक म्हणून, तर कोणी ते कर्णकटू म्हणून बदलू लागले. हा स्वैराचार थांबविण्यासाठी ह्यू स्ट्रिकलंड (१८११–५३) यांच्या पुढाकाराने ब्रिटिश असोसिएशनच्या समितीने १८४२ मध्ये प्राण्यांच्या नावांसंबंधी नियम तयार केले. समितीच्या सभासदांत चार्ल्स डार्विन हेही होते. रीतसर प्रसिद्ध झालेल्या नावांपैकी सर्वांत जुने नाव ग्राह्य धरावे, हे त्यातील मुख्य सूत्र होय. वनस्पतींसाठी आल्फाँस द कांदॉल यांनी रचलेले नियम १८६७ मध्ये पॅरिस येथे मान्य झाले व १९०५ मध्ये व्हिएन्ना येथील परिषदेने त्यांना आंतरराष्ट्रीय रूप दिले. प्राण्यांच्या नामकरणासाठीचा आंतरराष्ट्रीय आयोग १८९५ मध्ये स्थापन झाला. ‘सर्वांत जुने’ म्हणजे किती जुने, हेही ठरवावे लागले. वनस्पतींसाठी १ मे १७५३ आणि प्राण्यांसाठी १ जानेवारी १७५८ या आरंभतिथी मानल्या जातात. त्यापूर्वीची नावे विचारात घेत नाहीत.

अग्रक्रमाचा हा नियम निःपक्षपाती असला, तरी तो सोयीचा आहे असे म्हणता येत नाही. पळसाचे ब्यूटिया फ्राँडोसा हे नाव मराठी वनस्पतिग्रंथांत व आयुर्वेदावरील पुस्तकांत दीर्घकाळ चालत आले. फ्रेंच वैज्ञानिक लामार्क यांनी या झाडाचे वर्णन त्यापूर्वीच पांगाऱ्याच्या प्रजातीत (एरिथ्रिना) घालून त्यास मोनोस्पर्मा, म्हणजे ‘एका बीचे’, असे विशेषण दिले होते. पळसाची शेंग एकबीजी असल्यामुळे ते समर्पकही होते, पण ग्राह्य ठरले ते समर्पक म्हणून नव्हे, तर आधीचे म्हणून. त्यामुळे ब्यूटिया मोनोस्पर्मा हे नाव स्वीकारावे लागले व जुन्या ग्रंथांतील नाव समानार्थी नावांच्या यादीत गेले. अशा याद्या मोठ्या आहेत. जगातील वनस्पतींच्या नावांची २०१३ मध्ये सिद्ध झालेली एक सूची पाहता, जातींच्या सु. १०.६ लाख नावांपैकी सु. ३.५ लाखच ग्राह्य मानलेली आहेत. फार रूढ झालेले नाव निव्वळ तांत्रिक कारणाने जाऊ नये, म्हणून परिषदांच्या संमतीने ते राखून ठेवण्याची तरतूद नंतर करण्यात आली.

प्ररूप : नाव वर्णनापासून सुटले, तर ते बांधले कशाशी आहे, हा प्रश्न उरतो. त्याचे उत्तर विसाव्या शतकात पक्के झाले. नव्या जातीचे नाव प्रसिद्ध करताना एका विशिष्ट नमुन्याचा निर्देश करावा लागतो. वाळवून कागदावर चिकटविलेली फांदी, पेंढा भरलेले कातडे, अल्कोहॉलमधील मासा यांपैकी जे असेल ते. यास प्ररूप म्हणतात. वर्णन चुकीचे ठरले किंवा जातीच्या मर्यादा बदलल्या, तरी नाव त्या नमुन्याबरोबर राहते. प्ररूप हा जातीचा उत्कृष्ट प्रतिनिधी असलाच पाहिजे असे नाही. तो नावाचा खुंटा आहे. लिनीअस यांचा संग्रह त्यांच्या मृत्यूनंतर १७८४ मध्ये जेम्स एडवर्ड स्मिथ या तरुण इंग्रजाने १,००० गिनींना विकत घेतला. लंडनच्या लिनीअन सोसायटीत तो आज जपून ठेवला आहे. मलबारातील ज्या वनस्पतींचे नमुनेच लिनीअस यांच्यापुढे नव्हते, त्यांच्यापैकी कित्येकींच्या बाबतीत व्हान रेडे यांच्या ग्रंथातील चित्र हेच प्ररूप मानले जाते.

संग्रहालयातील नमुना व त्याला बांधलेली चिठ्ठी यांवर किती अवलंबून असते, हे वनपिंगळ्याच्या उदाहरणावरून दिसून येते. या लहान घुबडाचे वर्णन ॲलन ह्यूम (१८२९–१९१२) यांनी १८७३ मध्ये केले. त्याची हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच कातडी संग्रहालयांत होती. त्यांतील सर्वांत अलीकडचे १९१४ मध्ये गुजरातेत मिळालेले, असे रिचर्ड माइनर्टझहागेन (१८७८–१९६७) यांच्या चिठ्ठीवर नमूद होते. नमुन्यांच्या बारकाईच्या तपासणीत ती चिठ्ठी खोटी ठरली. ते कातडे संग्रहालयातूनच लांबविलेले व १८८० नंतरच्या दशकात खानदेशात जेम्स डेव्हिडसन यांनी गोळा केलेले होते. गुजरातचा दाखला बाद झाल्यावर शोध जुन्या, खऱ्या नोंदींच्या स्थळांकडे वळला आणि नोव्हेंबर १९९७ मध्ये शहाद्याजवळच्या जंगलात जिवंत वनपिंगळा दिसला. त्यापूर्वीची विश्वसनीय नोंद १८८४ ची होती.

शास्त्रीय नाव एकच असले, म्हणजे त्यामागची जातीही एकच असते, असे मात्र नाही. नाव हे एक अनुमान असते. यूरोपात हिवताप पसरविणारा डास म्हणून ॲनॉफेलीस मॅक्युलिपेनिस ही जाती ठाऊक होती. परंतु हा डास विपुल असूनही हिवतापाचा मागमूस नाही, असे विस्तीर्ण प्रदेश होते. हे कोडे हवामान, राहणीमान, गुरांची संख्या अशा अनेक कारणांनी उलगडण्याचा प्रयत्न झाला. १९२६ मध्ये फॅलेरोनी या इटालियन आरोग्य निरीक्षकांनी या डासाच्या अंड्यांवरील नक्षी सारखी नसून तिचे निश्चित प्रकार पडतात, असे दाखविले. पुढील दहा वर्षांच्या संशोधनात ही एक जाती नसून दिसण्यात जवळजवळ सारख्या अशा अनेक जातींचा समूह असल्याचे स्पष्ट झाले. त्यांतील काही प्रामुख्याने गुरांचे रक्त शोषणाऱ्या, तर लॅब्रँकिईसारख्या मोजक्याच माणसाला धोकादायक निघाल्या. त्यानंतर कोणत्या पाणथळ जागेवर पैसा व श्रम खर्च करावेत, हे ठरविता येऊ लागले. भारतातील ॲनॉफेलीस क्युलिसिफेसीस हाही असाच समूह असल्याचे पुढे आढळून आले.

नामनियमांच्या इतिहासातील सर्वांत कडवट वाद ज्या झाडावरून झाला, ते महाराष्ट्रात शेताच्या बांधावर सर्वत्र दिसते. ॲकेशिया हे नाव काटेरी इजिप्शियन झाडासाठी ग्रीक लेखकांनी वापरले होते. प्रजातीचे नाव म्हणून फिलिप मिलर यांनी १७५४ मध्ये ते योजिले. त्या प्रजातीची प्ररूप जाती म्हणजे आपली बाभूळच होय. तिचे ॲकेशिया अरेबिका हे नाव अग्रक्रमाच्या नियमाने जाऊन ॲकेशिया निलोटिका हे नाव आलेले होते. पुढे संशोधनात असे दिसून आले की, हजाराच्या वर जातींची ही प्रजाती एकजिनसी नसून ती अनेक प्रजातींत विभागणे आवश्यक आहे. नियमाप्रमाणे ॲकेशिया हे नाव बाभळीच्या गटाकडे राहावयाचे व ऑस्ट्रेलियातील हजाराच्या घरातील जातींना दुसरे नाव घ्यावे लागणार होते. एवढी नावे बदलण्याऐवजी प्ररूपच बदलून ऑस्ट्रेलियन जाती प्ररूप मानावी, असा प्रस्ताव पुढे आला. २००५ मध्ये व्हिएन्ना येथे मतदान झाले, तेव्हा निम्म्याहून अधिक मते प्रस्तावाच्या विरोधात पडली; परंतु समितीची शिफारस फेटाळण्यास ६० टक्के मतांची अट असल्यामुळे प्रस्ताव टिकला. मेलबर्न येथील २०११ च्या परिषदेत त्यावर शिक्कामोर्तब झाले. बाभूळ आता व्हॅचेलिया निलोटिका व खैर सेनेगॅलिया कॅटेचू आहे. संख्येच्या हिशेबाने हा निर्णय काटकसरीचा होता, हे मान्य करावे लागेल. तरीही ज्या झाडामुळे ते नाव अस्तित्वात आले त्याच्याकडूनच ते काढून घेतले गेले, ही आफ्रिका व आशिया येथील वनस्पतिवैज्ञानिकांची तक्रार गैरवाजवी म्हणता येत नाही. वनखात्याच्या जुन्या नोंदी, कृषिविषयक पुस्तके व औषधी द्रव्यांच्या याद्या यांत जुनीच नावे असल्यामुळे अभ्यासकास दोन्ही ध्यानात ठेवावी लागतात.

वनस्पतींच्या नव्या जातीचे वर्णन लॅटिनमध्येच देण्याचे १९३५ पासून असलेले बंधन २०१२ च्या आरंभी उठले. तेव्हापासून ते इंग्रजीतही देता येते. माद्रिद येथे २०२४ मध्ये भरलेल्या परिषदेने, दक्षिण आफ्रिकेत कृष्णवर्णीयांबद्दल शिवीसारख्या वापरल्या जाणाऱ्या शब्दावरून आलेले ‘कॅफ्रा’ हे विशेषण दोनशेहून अधिक नावांतून काढून त्याजागी ‘आफ्रा’ हे रूप घालण्याचे ठरविले. नावाचा अर्थ नामनियमांच्या कक्षेबाहेरचा, या दीडशे वर्षांच्या भूमिकेला यामुळे प्रथमच मोठा अपवाद झाला. सूक्ष्मजंतूंच्या बाबतीत जुन्या नावांचा गुंता इतका वाढला होता की, १ जानेवारी १९८० ही नवी आरंभतिथी ठरवून मान्य नावांची यादी पुन्हा पहिल्यापासून करण्यात आली. सूक्ष्मजंतूचे प्ररूप जिवंत संवर्धनाच्या रूपात जतन करावे लागते. परंतु बहुसंख्य सूक्ष्मजंतू अद्याप प्रयोगशाळेत वाढविता आलेले नाहीत. त्यांच्यासाठी आनुवंशिक द्रव्याचा वाचलेला क्रम हाच प्ररूप मानणारी एक स्वतंत्र नियमावली २०२२ मध्ये पुढे आली आहे. मूळ आंतरराष्ट्रीय समितीने असा क्रम प्ररूप म्हणून स्वीकारण्यास त्यापूर्वी नकार दिला असल्यामुळे सूक्ष्मजंतूंची नावे दोन निरनिराळ्या नियमावल्यांखाली नोंदली जात आहेत.